कावळा तुकडा भिजवतो, तेव्हा साधन कुठलं?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: एक कावळा कडक, कोरडा तुकडा चोचीत घेऊन येतो, पाण्याच्या भांड्यात बुडवतो, जरा थांबतो आणि मऊ झाला की खातो. तुमचं म्हणणं, त्याने पाणी साधन म्हणून वापरलं. तुमच्या भावाचं म्हणणं, साधन म्हणजे काठी नाहीतर दगड, पाणी कसलं साधन! मग ओघात तुम्ही बाकीचेही विचारलेत: कोळ्याचं जाळं, सुगरणीचं घरटं, खडकावर शिंपले टाकून फोडणारा कुरव पक्षी, आणि रस्त्यावर अक्रोड टाकून गाडीच्या चाकाखाली फोडून घेणारा कावळा. यातलं कुणाला साधन म्हणायचं, कुणाला नाही?

या कावळ्यापुरता भाऊ जिंकला, पण चुकीच्या कारणाने. पाणीही साधन होऊ शकतं. तुमच्या कावळ्याच्या बाबतीत ते झालेलं नाही, इतकंच.

मी बरीच वर्षं प्राण्यांचं वर्तन नोंदवण्याचं काम करते. ऐकायला छान वाटतं, पण बराचसा वेळ चित्रफिती मागेपुढे करत ‘उचललं, वळवलं, टाकलं’ अशा खुणा करण्यात जातो. या कामात ‘साधन’ हा शब्द जपून वापरावा लागतो, कारण त्याला मान आहे. प्राण्याने साधन वापरलं म्हटलं की त्याची बढती झाल्यासारखी वाटते. तुमच्या घरातला वाद मला त्याच जातीचा दिसतो. तुम्हाला कावळा हुशार वाटतो, म्हणून त्याला ती पदवी मिळावी असं वाटतं. पण ‘ही कृती कुठल्या रकान्यात लिहायची’ आणि ‘या प्राण्याला नेमकं काय कळतं’ हे दोन वेगळे प्रश्न आहेत. पहिला बराचसा सोडवता येतो. दुसरा फार कठीण आहे, आणि पहिल्याचं उत्तर मिळाल्याने तो सुटत नाही.

हा मान कुठून आला तेही सांगते. एके काळी ‘माणूस म्हणजे साधनं बनवणारा प्राणी’ अशी सरळ व्याख्या चालायची. १९६० साली टांझानियातल्या गोंबेच्या जंगलात जेन गुडाल यांनी डेव्हिड ग्रेबिअर्ड नावाच्या चिंपांझीला वारुळाच्या भोकात गवताची काडी घालून वाळवी बाहेर काढताना पाहिलं. पानांची डहाळी असेल तर चिंपांझी पानं ओरबाडून ती नीट करून घेतात, हेही दिसलं. म्हणजे वापरणंच नव्हे, बनवणंही आलं. त्यांचे मार्गदर्शक लुई लीकी यांनी कळवलं की आता एक तर साधनाची व्याख्या बदला, नाहीतर माणसाची, नाहीतर चिंपांझींना माणूस म्हणा. तेव्हापासून हा शब्द परवान्यासारखा झाला, आणि ज्याला त्याला तो आपल्या आवडत्या प्राण्यासाठी हवा असतो.

सगळ्यात जास्त वापरली जाणारी व्याख्या प्राणिवर्तनाचे अभ्यासक बेंजामिन बेक यांनी १९८० साली मांडली. माझ्या शब्दांत ती अशी: वस्तू प्राण्याच्या शरीराबाहेरची आणि सुटी हवी. वापरताना किंवा वापराच्या अगदी आधी प्राण्याने ती धरलेली किंवा वाहून आणलेली हवी. ती कशी धरायची, कुठे रोखायची हे त्यानेच जुळवलेलं हवं. आणि तिच्या मदतीने दुसऱ्या वस्तूचा, दुसऱ्या प्राण्याचा किंवा स्वतःचा आकार, जागा किंवा स्थिती त्याने अधिक सोयीने बदलायला हवी.

नव्या मुलांना मी एवढं पाठ करायला लावत नाही. त्यांना एकच विचारते: हातात काय आहे? हात म्हणजे चोच, सोंड, तोंड, नांगी, जे असेल ते. हातात ज्याने काम करायचं ती वस्तू आहे, की ज्याच्यावर काम करायचं ती?

इजिप्शियन गिधाडाइतकं चांगलं उदाहरण मला दुसरं मिळालेलं नाही. शहामृगाचं अंडं त्याला उचलता येत नाही, चोचीने फुटत नाही. मग ते दगड शोधून आणतं, मान वर करून तो अंड्यावर आपटतं, नेम चुकला तर पुन्हा उचलतं. आफ्रिकेतलं हे दृश्य १९६६ साली शास्त्रीय नियतकालिकात आलं. पण हेच गिधाड लहान अंडं मिळालं की ते अंडंच चोचीत उचलतं आणि जमिनीवर आपटून फोडतं. पक्षी तोच, मानेचा झटका तसाच, हेतू तोच. पहिल्या वेळी चोचीत दगड आहे, दुसऱ्या वेळी अंडं. व्याख्येप्रमाणे पहिला साधनवापर, दुसरा नाही.

वर्गात इथे हमखास हात वर येतो. ‘मग ही व्याख्याच मूर्खपणाची नाही का? पक्ष्याच्या डोक्यात तर दोन्ही वेळी तेच चाललं असणार!’ असेलही. व्याख्या डोक्याबद्दल काही बोलतच नाही, ती कुणी काय हलवलं याबद्दल बोलते. म्हणूनच ती उपयोगाची आहे, कारण हललेली वस्तू दोघांना सारखी दिसते आणि डोक्यातलं कुणालाच दिसत नाही.

आता कुरव आपोआप सुटतो. त्याच्या चोचीत शिंपला आहे, खडक जागेवर आहे. साधनवापर नाही. हाडं उंचावरून खडकांवर टाकून फोडणारं दाढीवालं गिधाडही नाही, आणि शिंपला तोंडात धरून प्रवाळाच्या खडकावर आपटणारे काही मासेही नाहीत. याउलट समुद्री पाणमांजर उताणं तरंगत छातीवर दगड ठेवतं आणि त्यावर शिंपला आपटतं. दगड त्यानेच खालून आणलेला असतो, म्हणून ते बसतं. ऐरण खडकाची असेल तर नाही, आणि पोटावर वाहून आणलेली असेल तर हो.

तुमच्या कावळ्याच्या चोचीत खाणं आहे. पाणी त्याने आणलं नाही, धरलं नाही, हलवलं नाही. भांडं इथे कुरवाच्या खडकाच्या जागी आहे. अन्न भिजवण्याची ही सवय इतर पक्ष्यांतही दिसते आणि तिचा अभ्यास झाला आहे. काही संशोधक अशा कृतींना ‘साधनवापराच्या उंबरठ्यावरचं वर्तन’ अशा अर्थाचं वेगळं नाव देतात. मला ते नाव आवडतं, भावाला ते सांगून बघा.

पण याच मांडणीत एक गोष्ट उलटी करा. ॲफिनोगॅस्टर जातीच्या मुंग्यांना पातळ अन्न सापडलं की त्या मातीचे कण, पानांचे बारीक तुकडे आणून त्यात टाकतात आणि ते भिजले की उचलून वारुळात नेतात. इथे तोंडात जे आहे ते अन्न नाही, अन्न शोषून नेणारी वस्तू आहे. चिंपांझी पानं चावून त्यांचा बोळा करतात, झाडाच्या ढोलीतल्या पाण्यात बुडवतात आणि पाणी चोखतात. दोन्ही साधनवापर. आणि तुमच्या कावळ्याच्या कुळाबद्दल सांगायचं तर तहानलेल्या कावळ्याची गोष्ट आपण सगळ्यांनी ऐकलेली आहे. २००९ साली रूक नावाच्या कावळ्याच्या भाऊबंदांपुढे अरुंद नळीत पाणी आणि त्यावर तरंगती अळी ठेवली, बाजूला दगड ठेवले. त्यांनी दगड टाकून पाण्याची पातळी वर आणली आणि अळी खाल्ली. चोचीत दगड, बदलली पाण्याची पातळी, म्हणजे साधन. कावळ्याचं कुळ तेच, पाणीही तेच, पण रकाना वेगळा.

जाळं आणि घरटं यांच्यावर फार वेळ घालवत नाही. जाळं कोळ्याच्या अंगातून आलेलं असतं आणि कुठेतरी बांधलेलं असतं. घरटं वापरताना पक्षी ते हातात धरत नाही. दोन्ही बांधकामं आहेत. सुगरणीची वीण काडीने अळी टोचण्यापेक्षा कितीतरी अवघड आहे आणि तरीही ती साधनवापरात येत नाही. डायनोपिस नावाचा एक कोळी मात्र छोटंसं जाळं विणून पुढच्या पायांत ताणून धरतो आणि खालून जाणाऱ्या किड्यावर झडप घालून टाकतो. धरलेलं आहे, रोखलेलं आहे, पण अंगातूनच निघालेलं. त्याच्यापुढे मी ‘सीमेवर’ लिहिते आणि पुढे जाते.

सीमेवर गर्दी आहे, आणि मला तिथेच रमायला आवडतं. तोंडात पाणी भरून वरच्या पानावरच्या किड्याला नेम धरून पाडणारा आर्चरफिश घ्या. पाणी बाहेरचं आहे, सुटं आहे, तोंडात धरलेलं आहे, किड्याची जागा बदलते. काहींना धार हे साधन पटत नाही. मी मोजते. पाणी साधन होऊ शकतं असं वर म्हटलं ते याच माशाच्या भरवशावर. लिबिया जातीचा खेकडा दोन्ही नांग्यांत एकेक जिवंत समुद्रफूल (फुलासारखा दिसणारा, डंख करणारा प्राणी) धरून हिंडतो, शत्रू आला की ते पुढे करतो. साधन जिवंत असलं म्हणून बिघडत नाही.

मग येतो शंखवासी हर्मिट खेकडा. शंख बाहेरचा, सुटा, वाहून नेलेला, त्याला संरक्षण देणारा. शब्दाला शब्द लावला तर बसायला हवा, पण बहुतेक जण त्याला बाहेर ठेवतात. कारण दिलं जातं की तो शंख सतत वापरात असतो, विशिष्ट कामासाठी हाती घेतलेला नसतो. हे कारण गंमत म्हणून ऑक्टोपसवर लावून बघा. इंडोनेशियाच्या समुद्रात एका जातीचे ऑक्टोपस नारळाच्या अर्ध्या करवंट्या गोळा करतात, एकात एक ठेवून शरीराखाली धरतात आणि भुजा ताठ करून, बांबूच्या घोड्यावर चालावं तसे तळावरून चालत जातात. चालताना करवंटीचा काहीच फायदा नसतो, उलट चाल अवघडते. पुढे गरज पडली की दोन अर्धुकं जुळवून आत बसतात. २००९ साली हे प्रसिद्ध झालं तेव्हा संशोधकांचा मुद्दा हाच होता: आत्ता तोटा सोसून नंतरच्या उपयोगासाठी वाहून नेलेली वस्तू ही शंखासारखी नाही. मला तो पटतो. माझे एक सहकारी म्हणतात, आसरा तो आसराच, वाहून नेला म्हणून साधन होत नाही. आमचं यावर एकमत झालेलं नाही आणि दोघांचंही काम त्यावाचून अडलेलं नाही.

व्याख्याही जागची हललेली आहे. २०११ साली बेक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ‘सुटी वस्तू’ या अटीत सूट देऊन जोडलेली पण हाताळता येणारी वस्तूही आत घेतली. त्याआधी २००८ साली दुसऱ्या दोघा संशोधकांनी वेगळीच बाजू पुढे आणली: साधन वस्तू बदलण्यासाठीच असतं असं नाही, माहिती मिळवण्यासाठीही असू शकतं. त्यांच्या बाजूने माझ्या डोळ्यांपुढे नेहमी काँगोतली एक गोरिला मादी येते. २००५ साली तिच्याबद्दल लिहिलं गेलं. ती पाण्यात उतरताना हातातली काठी पुढे टेकवत खोली चाचपत होती. काठीने काहीच बदललं नाही, फक्त तिला काहीतरी कळलं. जुन्या व्याख्येत ही काठी ओढूनताणून बसवावी लागते, नव्या व्याख्येत सहज बसते. ऑस्ट्रेलियाच्या शार्क बेमधल्या डॉल्फिनांचं मात्र कुठल्याही व्याख्येत अडत नाही. समुद्रतळ उकरताना तोंडाचं टोक खरचटू नये म्हणून त्या त्यावर समुद्री स्पंज चढवतात. बहुतेक माद्याच हे करतात आणि लेकी आईकडून शिकतात.

एवढ्यावर एक श्वास घेते. हातातली वस्तू आणि कामाची वस्तू वेगळ्या असतील, हातातली प्राण्याने स्वतः हलवली-रोखली असेल, तर साधनवापर. जागेवरच्या वस्तूवर अन्न नेऊन आपटलं, बुडवलं, घासलं, तर उंबरठा. बांधून ठेवलं, तर बांधकाम. उरलेल्यांसाठी तुम्हाला हे कशासाठी ठरवायचं आहे ते आधी ठरवावं लागतं. शेकडो जातींची तुलना करायची असेल तर मी जुनी कडक व्याख्या घेते, कारण सैल व्याख्येत प्रत्येक जण आपल्या आवडीचं काहीतरी घुसवतो. जुन्या दगडांचा अभ्यास असेल तर चित्र वेगळं. आयव्हरी कोस्टमध्ये चिंपांझींनी कवचाची फळं फोडायला वापरलेले सुमारे ४,३०० वर्षांपूर्वीचे दगड सापडले आहेत. तिथे कुणी काय धरलं हे बघायला कुणीच नव्हतं, दगडावरच्या खुणांवरून ओळखावं लागलं.

आता दुसरा प्रश्न, डोक्याचा. इथे मला थोडं थंड पाणी ओतावं लागणार आहे.

ॲमोफिला नावाची गांधीलमाशी जमिनीत बीळ करून त्यात अंडं घालते आणि तोंड मातीने बुजवते. काही वेळा ती जबड्यात बारीक खडा धरून त्याने माती ठोकून घट्ट करते. हे १८९८ सालीच लिहून ठेवलेलं आहे. व्याख्येला ती पुरेपूर उतरते, पण त्यावरून ती विचार करते असं फारसं कुणी म्हणणार नाही. गालापागोसमधला वूडपेकर फिंच निवडुंगाचा काटा चोचीत धरून खोडातल्या अळ्या काढतो, आणि ज्या पिल्लांनी मोठ्यांना तसं करताना कधीच पाहिलं नाही तीही ते करू लागतात. पॅसिफिक महासागरातल्या न्यू कॅलेडोनिया बेटावरचे कावळे काड्यांचे आकडे (हूक) बनवतात. त्यांचीही माणसांनी वाढवलेली पिल्लं कुणी न शिकवता काड्या वापरू लागतात. उलट रूक जंगलात साधनं वापरताना दिसत नाहीत आणि प्रयोगात मात्र चटकन वापरतात. म्हणजे साधन वापरणारा प्राणी लवचीक डोक्याचा असेलच असं नाही, आणि लवचीक डोक्याचा प्राणी साधन वापरेलच असंही नाही. शिंपला उघडायला ज्याची चोच पुरते तो दगड कशाला शोधेल?

बेट्टी नावाच्या न्यू कॅलेडोनियन कावळीची गोष्ट तर मी प्रत्येक तुकडीला सांगते. २००२ साली ऑक्सफर्डला तिने सरळ तार वाकवून आकडा केला आणि नळीतली खाण्याची छोटी बादली वर ओढली. जगभर नाव झालं: तारेचा स्वभाव ओळखून तिने जागच्या जागी युक्ती शोधली! २०१६ साली कळलं की रानातून पकडलेले कावळे वनस्पतींच्या काड्याही अशाच वाकवतात. बेट्टीची करामत खोटी ठरली नाही. पण ‘जागच्या जागी युक्ती’ हा भाग डळमळला, कारण वाकवणं तिच्या जातीच्या नेहमीच्या कामातलंच असू शकतं. ती साधन वापरत होती की नाही यावर मात्र दोन्ही वेळी कुणाचाही वाद नव्हता.

माझीही एक फजिती सांगते. सुरुवातीच्या काळात एका मोठ्या पिंजऱ्यातला एक पक्षी काडी घेऊन फळीच्या फटीत खुपसताना मला दिसला. मी आनंदाने ‘साधनवापर’ लिहिलं. पुढचे काही आठवडे तेच दिसत राहिलं आणि मी तेच लिहीत राहिले. नंतर चित्रफिती सावकाश पाहिल्या तेव्हा लक्षात आलं की फटीतून एकदाही काही बाहेर आलेलं नाही. त्याने काड्या तिथे अडकवल्या होत्या आणि थोड्याच दिवसांत त्यांच्याभोवती घरटं उभं राहिलं. मी निकाल लिहिला होता, कृती लिहिलीच नव्हती. तेव्हापासून माझ्या तक्त्यात ‘साधनवापर’ असा रकाना नाही. काय उचललं, कशाला लावलं, काय बदललं, नंतर ती वस्तू कुठे गेली, एवढंच असतं. शिक्का शेवटी, आणि तो दोन माणसांनी वेगवेगळं बसून मारायचा.

राहिला अक्रोडवाला कावळा. जपानमधल्या कावळ्यांबद्दल हे बरंच सांगितलं जातं आणि त्यांच्या चित्रफिती खरोखर आहेत. कॅलिफोर्नियातल्या कावळ्यांबद्दल अशीच ख्याती होती. १९९७ साली काही संशोधकांनी साधी गोष्ट तपासली: गाडी येत असताना कावळे अक्रोड जास्त टाकतात का? रस्ता रिकामा असताना ते जितके टाकत होते, त्यापेक्षा वेगळं काही दिसलं नाही. म्हणजे त्या कावळ्यांना कडक जमीन हवी होती. गाड्या येणारच, कारण तो रस्ता होता. आपल्या मनात राहतं ते चाकाखाली फुटलेलं अक्रोड, बाकीची शंभर कोण लक्षात ठेवतो? जपानमधले वेगळे असू शकतात. पण कावळ्याने गाडी वापरली असं सिद्ध झालं तरी गाडी त्याच्या चोचीत नव्हती, त्यामुळे कडक व्याख्येत ते बसत नाही. तुमचा भाऊ तिथेही जिंकेल.

तुम्हाला खरंच पुढे बघायचं असेल तर कावळ्याने तुकडा बुडवल्यावर कॅमेरा सुरू करू नका, तो भांड्याकडे येतो तेव्हाच सुरू करा. मऊ तुकडा आणला तरी तो बुडवतो का, पाणी नसेल तर तुकडा घेऊन दुसरीकडे पाणी शोधतो का, हे बघा. त्यावरून साधनाचा प्रश्न हलणार नाही, पण कावळ्याला काय कळतं याचा थोडा अंदाज येईल, आणि तुमची खरी उत्सुकता तीच आहे असं मला वाटतं. आणि एखाद्या दिवशी तो चोचीत पान धरून, ते पाण्यात भिजवून, बाजूला ठेवलेल्या तुकड्यावर नेऊन ठिबकवताना दिसला, तर चित्रफीत आधी मला पाठवा. भावाला नंतर दाखवा.